अप्पा हयात आहेत

१७ फेब्रुवारी १९९४

चि. भोपूस ताईचा आशीर्वाद.

देवाजवळ दिवा लावला, तुझ्या नावाने हात जोडले आणि मगच पेन हातात घेतलं. पहिल्याच ओळीपासून रागावले असं व्हायला नको.

नगरसेवक झालास. लहानपणी तू गल्लीच्या टोकावरून ‘ताईऽऽ’ म्हणून ओरडायचास तर पलीकडच्या गल्लीतली कुत्री उठून बसायची, म्हणून तर भोपू नाव पडलं. परक्या शहरात नोकरीला गेलास आणि त्याच गळ्यावर निवडून आलास. आई असती तर गल्लीभर साखर वाटत सुटली असती. अप्पांनी बातमी ऐकली, शिलाई मशीन थांबवलं, चष्मा पुसला आणि पुन्हा मशीन सुरू केलं. यापलीकडे त्यांचा आनंद जात नाही, तुला माहीतच आहे.

आता रागाचं. तुझ्या विजयसभेला मी आणि तुझे भाऊजी एवढ्या लांब आलो. तू माइकवर म्हणालास, ‘आमच्या इथे तेरा घरांत एक नळ होता, त्या नळावर माझ्या आईची हाडं झिजली.’ अरे, आपल्या नळावर तीन घरं. आपण, शेजारचा रंगारी आणि मागच्या मास्तरीणबाई. आईची हाडं झिजली ती अप्पांच्या गिऱ्हाइकांच्या शर्टांना काजं करून आणि बटणं लावून. पाणी तू आणि मी भरायचो, आणि अर्धी बादली तू सांडायचास. मी भाऊजींना कोपराने ढोसलं. ते म्हणाले, ‘गप बस. सभेत बोलतोय तो, देवघरात नाही.’ मला नाही पटलं. सभेतलं देवाला ऐकू येत नाही की काय?

आपण गरीब होतो हे खरं. होती तेवढी गरिबी पुरे होती. वरची कशाला?

जेवणाची वेळ पाळ.
ताई

२ मार्च १९९४

ती. ताई,

तुझं पत्र सभागृहात वाचलं आणि एकटाच हसलो. शेजारी बसलेल्या म्हाताऱ्या नगरसेवकाचं भाषण चाललं होतं. त्याला वाटलं मी त्याला हसतोय. आता तो माझ्याशी बोलत नाही. याचं पाप तुझ्या माथी.

तीन घरं म्हटलं तर मागच्या रांगेपर्यंत पोचत नाही गं. आणि माझ्या वॉर्डात खरोखरच तेरा घरांत एक नळ आहे. त्यांचा नळ मी आपला म्हणून सांगितला, एवढंच. महिन्याभरात त्यांना दुसरा नळ बसवून देतोय. मग झालं तर! पाणी आल्यावर कोण विचारतंय?

अप्पांना नमस्कार. भाऊजींना म्हणावं, पुढच्या वेळी तुम्ही स्टेजवर, ताई शेवटच्या रांगेत.

तुझा भोपू

५ ऑगस्ट २००१

भोपू,

आशीर्वाद वगैरे आज राहू दे.

एका गिऱ्हाइकाने तुझ्या शहरातून पँटचं कापड आणलं. कापड वर्तमानपत्रात गुंडाळलेलं. आपल्या घरात कागद टाकून देत नाहीत, कपडे बेतायला लागतो, म्हणून अप्पांनी तो हाताने सरळ केला आणि वाचत बसले. मी चहा घेऊन गेले तर मशीन बंद. मला म्हणाले, ‘वाच.’

‘दारुड्या बापाचा मुलगा झाला महापौर.’ खाली तुझा हात जोडलेला फोटो. आणि तुझ्याच तोंडचे शब्द: बाप रोज पिऊन यायचा, आईच्या अंगावर कात्री फेकायचा, आम्ही भावंडं कपाटामागे लपायचो.

अप्पा! खोकल्याच्या औषधाला वास आला म्हणून बाटली दुकानदाराला परत करून आलेला माणूस! आणि कपाटामागे लपायला आपल्याकडे कपाट कुठे होतं रे? ही अख्खी गोष्ट रंगाऱ्याची आहे. तो प्यायचा, तो बायकोवर रंगाचे डबे फेकायचा, तो गटाराच्या कडेला मेला. तू डब्याच्या जागी कात्री घातलीस आणि रंगाऱ्याच्या जागी आपला बाप.

मी विचारलं, ‘अप्पा, काय करायचं?’ म्हणाले, ‘छापणाऱ्याची चूक असेल. भोपू दुरुस्त करून घेईल. कात्री तिरकी गेली तरी कापड वाया जात नाही, जोड देता येतो.’

तर जोड दे. त्याच वर्तमानपत्रात, तेवढ्याच मोठ्या अक्षरांत.

ताई

३० ऑगस्ट २००१

ती. ताई,

रागाव, पण शेवटपर्यंत वाच.

दारूची दुकानं बंद करा म्हणून बायकांची सभा होती. मी रंगाऱ्याची गोष्ट रंगाऱ्याची म्हणूनच सुरू केली. निम्म्या बायका आपसात बोलत होत्या. आणि न ठरवता माझ्या तोंडून गेलं, ‘तो माणूस माझा बाप होता.’ सगळं एकदम गप्प झालं. पुढे बसलेली एक बाई तोंड झाकून रडायला लागली. नंतर तिनं माझा हात धरला. म्हणाली, ‘भाऊ, तुम्हालाच कळतं आमचं.’ तिला काय सांगू? बाई, मला नाही कळत, माझ्या बापाला दुसरा कप चहासुद्धा सोसत नाही?

ताई, त्या भागातली सगळी दुकानं मी बंद केली. खरोखर कुलूप लावलं. आता दुरुस्ती छापली तर माझ्या शब्दाला काय किंमत राहील? दुकानवाले टपूनच बसलेत.

अप्पा समजून घेतील. त्यांना इथे ओळखतं कोण? आणि इकडचं वर्तमानपत्र तिकडे येतही नाही.

भोपू

१० सप्टेंबर २००१

भोपू,

वर्तमानपत्र येत नाही, कापड येतं.

त्या बाईचं दुःख खरं होतं. ते हलकं करायला तुझ्याकडे कुलूप होतं, अधिकार होता, एवढा मोठा गळा होता. तरी तुला अप्पांची अब्रूच लागली? स्वतःची का नाही घातलीस? ‘मी प्यायचो, मी सुधारलो’ म्हणायचंस. तेव्हा बरं आठवलं, आपल्याला अजून निवडून यायचंय ते.

अप्पांनी विचारलं, ‘दुरुस्त करतो म्हणालाय का?’ मी म्हटलं, तसं काही लिहिलेलं नाही. म्हणाले, ‘मग पुढच्या पत्रात लिहील.’

मी त्या पत्राची वाट बघतेय. तोवर माझंही पत्र येणार नाही.

ताई

२१ जून २००९

ती. ताईस शिरसाष्टांग नमस्कार.

आठ वर्षं हट्ट धरलास. मी आमदार झालो तेव्हा वाटलं, लिहिशील. परवा मंत्री झालो तेव्हा तर खात्रीच होती. शेवटी हरलो आणि मीच पेन उचललं. बघ, अजून तुला घाबरतो.

अप्पांचं वय झालं. त्यांना ऐकू कमी येतं असं कळलं, म्हणून कानाचं यंत्र पाठवतोय. आणि एक मागणं आहे. त्यांचा तरुणपणीचा एखादा फोटो पाठव. दिवसभर माणसांनी वेढलेला असतो मी, ताई. समोर आपलं कोणीतरी हवंसं वाटतं.

तुझाच
भोपू

४ जुलै २००९

चि. भोपूस आशीर्वाद.

तुझं पत्र वाचून रडले. देवापुढे ठेवलं आणि मग अप्पांना वाचून दाखवलं.

फोटो पाठवतेय. आई आणि अप्पांचा आहे, लग्नानंतरचा. अप्पा खुर्चीवर, आई मागे उभी, तिचा हात त्यांच्या खांद्यावर. दुसरी प्रत नाही, म्हणून दोन पुठ्ठ्यांमध्ये घालून शिवून टाकलाय. उसवताना जपून. अप्पांनी स्वतः काच पुसावी तसा तो पुसला आणि म्हणाले, ‘मंत्री झाला, आता त्याला दुरुस्ती करायला भीती नाही.’

यंत्र कानात घातलं की त्यांना फक्त मशीनची खडखड ऐकू येते म्हणे. डबीत जपून ठेवलंय.

टेबलावर फोटो कसा दिसतो ते कळव.

ताई

११ ऑक्टोबर २०१४

भोपू,

फोन केला की तुझा स्वीय सहायक ‘साहेब बैठकीत आहेत’ म्हणतो, म्हणून पत्र.

तुझं टेबल कसं आहे ते काल कळलं. दुकानासमोर धान्याचं बंद गोदाम होतं ना, तिथे तुझ्या खात्याने व्यसनमुक्ती केंद्र काढलंय. पांढरा रंग, लोखंडी फाटक, सगळे कर्मचारी बाहेरगावचे. चांगलं काम म्हणून आम्ही बायकांनी आत जाऊन लाद्या पुसून दिल्या. काल पाटीवरचं कापड काढलं. ‘मंत्रिमहोदयांच्या दिवंगत वडिलांच्या स्मरणार्थ.’ आत शिरल्या शिरल्या, आम्ही पुसलं तेव्हा रिकाम्या असलेल्या भिंतीवर काळ्या चौकटीत अप्पा. दरवाजाएवढे. खाली अक्षरं: ‘दारूने नेलेला एक बाप.’

आईला तू कापून काढलंस. अप्पांच्या खांद्यावर तिची चार बोटं तेवढी राहिलीत.

शेजारचा न्हावी ओरडला, ‘अप्पा, मेलेल्या माणसाच्या दाढीचे दुप्पट घेईन हं मी!’ सगळी गल्ली हसली. अप्पाही हसले. मग आत आले आणि हळूच मला विचारलं, ‘तू मॅट्रिक झालेली. दिवंगत म्हणजे मेलेलाच ना?’

मी काय सांगायचं? तूच सांग, तू तर मंत्री.

दारुडा म्हणालास तेव्हा ते गाव लांब होतं. तू मोठा होत गेलास तसं ते खोटंही एकेक गाव घेत आलं, आणि आता आपल्या दारासमोर येऊन बसलंय. अप्पा मशीनवरून उठून दाराशी आले की समोर स्वतःच मेलेले दिसणार. रोज.

पाटी उतरव. फोटो परत दे. बाकी काही नको मला तुझं.

ताई

२० ऑक्टोबर २०१४

ती. ताई,

पाटीचा मजकूर मी लिहिला नाही. निवडणुकीत माझ्या आयुष्यावर पुस्तिका काढली, तेव्हा लिहिणाऱ्याने विचारलं, ‘वडील हल्ली कुठे असतात?’ मी तोंड उघडायच्या आत तोच म्हणाला, ‘गेले असले तर जास्त बरं.’ मी गप्प बसलो. माझं चुकलं असेल तर एवढंच, गप्प बसलो.

आता ऐक. अजून जाहीर झालेलं नाही, पण पुढच्या रविवारी मी मुख्यमंत्रिपदाची शपथ घेणार. शिंप्याचा मुलगा, ताई! अप्पांनी हे डोळ्यांनी बघावं असं मला मनापासून वाटतं. गाडी पाठवतोय. दुसऱ्या रांगेत दोन खुर्च्या ठेवल्यात. फक्त कोणी विचारलं तर काका म्हणायचं. शिंपी काका. तू समजावलंस तर ते ऐकतील.

पाटीचं शपथविधीनंतर बघू.

भोपू

२४ ऑक्टोबर २०१४

भोपू,

गाडी रिकामी परत पाठवली. ड्रायव्हरला चहा दिला, त्याचा काय दोष? तुझं काकाचं पत्र मी अप्पांना वाचून दाखवलेलं नाही. माझी जीभ वळली नाही.

आता काल काय झालं ते वाच, उभा असशील तर बसून वाच.

सकाळी मी देवळात गेले होते. अप्पा मशीनचा पेचकस खिशात घालून समोर केंद्रात गेले आणि फोटोचे स्क्रू काढायला लागले. पहारेकऱ्याने हात धरला. ‘कोण रे तू?’ अप्पा म्हणाले, ‘हाच मी. मला माझं चित्र नको, ते राहू दे. ही हिची बोटं तेवढी कापून द्या.’ पहारेकरी म्हणाला, ‘सकाळी सकाळीच चढवून आलाय.’

केंद्रप्रमुखांनी त्यांना हात पुढे करायला सांगितलं. अप्पांचे हात आता कापतात, भोपू. मशीनवर ठेवले की थांबतात, रिकामे असले की कापतात. तुला माहीत नसणार. ‘हात कापतात, भास होतात,’ म्हणून त्यांच्या अंगातला सदरा काढला, केंद्राचे निळे कपडे चढवले आणि आत खाटेवर बसवलं. दारुड्यांच्या रांगेत. स्वतःच्याच नावाच्या केंद्रात!

मी धावले. न्हावी माझ्या आधीच तिथे भांडत होता. केंद्रप्रमुख म्हणाले, ‘बाई, इथे येणारा प्रत्येक जण साहेबांचा कोणीतरी असतोच. कोणी मावसभाऊ, कोणी वर्गमित्र. बाप पहिल्यांदाच आला. मी वर विचारतो.’

त्यांनी माझ्यासमोर फोन लावला. स्पीकरवर. पहिल्यांदा तुझा सहायक, मग तू. तुला माहीत नव्हतं मी ऐकतेय. तुझा आवाज मी हजारांत ओळखेन. तू म्हणालास, ‘हो हो, आमच्या जुन्या गल्लीतले शिंपी आहेत ते. वय झालंय, डोक्यावर परिणाम झालाय. गरीब माणूस आहे, सोडून द्या.’

सोडून द्या!

मी आत गेले. अप्पा निळ्या कपड्यांत मांड्यांखाली हात दाबून बसले होते, कापताना दिसू नयेत म्हणून. मला म्हणाले, ‘भोपूला फोन लावला होता ना? काय म्हणाला?’

देवाला स्मरून सांगते, जन्मात मी खोटं बोलले नव्हते. घासाघीस करते, पै पै वाचवते, भाजीवाल्याशी भांडते, पण खोटं नाही. काल बोलले. म्हटलं, ‘म्हणाला, माझे वडील आहेत ते, आत्ताच्या आत्ता मानाने घरी पोचवा.’

त्यांचा चेहरा तू बघायला हवा होतास. उठले, पहारेकऱ्याला म्हणाले, ‘ऐकलंस?’ न्हाव्याला सांगितलं, मास्तरीणबाईंना सांगितलं. आणि आज सकाळपासून मशीन दाराकडे तोंड करून ठेवलंय. तू येशील म्हणून.

ते खोटं मी बोलले, पण ते तुझं आहे. ये आणि खरं कर. शपथ घेण्याआधी ये, घेतल्यावर ये, पण ये. पायरीवर उभा राहा, एकदा ‘अप्पा’ म्हण आणि जा. तेवढ्याने मी सगळं विसरेन.

ताई

३ नोव्हेंबर २०१४

ती. ताई,

शपथ झाली. भाषणात आई-अप्पांचं नाव घेतलं तेव्हा पुढचं वाक्य खरंच विसरलो, ते नाटक नव्हतं.

त्या दिवशी फोनच्या वेळी माझ्या खोलीत माणसं बसली होती. दुसरं काय बोलणार होतो? तुझं पत्र वाचून डोळ्यांत पाणी आलं. किती शहाणपणाने वागलीस! अप्पा समाधानी, केंद्र शांत, माझ्यावरचं संकट गेलं. आता तेच चालू ठेव. अधूनमधून सांगत जा, भोपूचा फोन आला होता, चौकशी करत होता. त्यांना बरं वाटेल आणि मला इथे निवांतपणे काम करता येईल. येणं मात्र सध्या शक्य नाही, मागे सतत कॅमेरे असतात.

खरं सांगू? तुला राजकारण जमलं असतं, ताई.

भोपू

९ नोव्हेंबर २०१४

भोपू,

तुझं पत्र अप्पांना वाचून दाखवलं. ‘तुला राजकारण जमलं असतं’ इथपर्यंत, दोनदा, मोठ्याने. मग काकाचं पत्रही वाचलं. फोनवर तू काय म्हणालास ते सांगितलं, आणि मी काय बनवून सांगितलं होतं तेही. माफी मागितली. हातात एका पोराच्या शर्टाची बाही होती, ती उलटी जोडली गेली. उसवली. पुन्हा जोडली. मग मशीन उचलून फिरवून ठेवलं, पूर्वी होतं तसं, भिंतीकडे तोंड करून.

काल वार्ताहर आले. तू जिथे वाढलास ती गल्ली बघायला. एक मुलगी आणि एक कॅमेरेवाला. आधी केंद्रात फोटो काढले, मग न्हाव्याला विचारलं, ‘साहेबांना लहानपणी ओळखणारं कोणी आहे का?’ न्हाव्याने आमच्या दाराकडे बोट केलं आणि वस्तरा घेऊन गिऱ्हाइकाला तसंच फेसात सोडून मागोमाग आला.

अप्पा पायरीवर आले. मुलगी म्हणाली, ‘आजोबा, तुम्ही साहेबांचे कोण?’

मी दारात उभी होते. देवाचं नाव घेत होते. मला वाटलं, ते काका म्हणतील. तुझ्यासाठी म्हणतील.

म्हणाले, ‘बाप.’

कॅमेरेवाला हसला. ‘ते तर वारले ना?’

‘मी वारलेलो नाही,’ अप्पा म्हणाले. ‘आणि दारूला कधी शिवलेलो नाही. त्याच्या आईच्या अंगावर काही फेकलेलं नाही. ती समोर भिंतीवर आहे, थोडीशी.’

मी बाहेर आले आणि म्हणाले, ‘हे खरं आहे. मी बहीण.’ न्हावी म्हणाला, ‘मी शेजारी.’ मास्तरीणबाई काठी टेकत आल्या आणि म्हणाल्या, ‘मी त्याला पहिलीला शिकवलंय.’ बघता बघता गल्ली भरली. हसत कोणी नव्हतं.

मुलगी भराभर लिहून घेत होती. तिने विचारलं, ‘मग ते असं का बोलले, आजोबा?’

अप्पांनी गळ्यातली टेप काढून गुंडाळली. मग म्हणाले, ‘ते मला नाही सांगता येणार. त्यालाच विचारा. पण हळू विचारा हं, पोरी. लहानपणी कोणी ओरडलं की तो घाबरायचा आणि आणखी खोटं बोलायचा.’

तिचं पेन थांबलं. कॅमेरेवाल्याने कॅमेरा खाली घेतला.

उद्या ते छापून येईल. तुझ्याकडे माणसं येतील. अप्पांनी सांगितलंय म्हणून कदाचित हळूही विचारतील. तू राज्याचा प्रमुख आहेस म्हणून आणखी हळू विचारतील.

मला ते जमणार नाही. अप्पांचा शब्द मी आयुष्यात पहिल्यांदाच मोडतेय. मी ओरडूनच विचारते, भोपू. का रे? का?

ताई